वॉर्डाची हद्द कोणी आखायची?

२०१९च्या नोव्हेंबरात महाराष्ट्रात राष्ट्रपती राजवट लागली ती १२ तारखेला, आणि २३ तारखेच्या पहाटे उठली. अकरा दिवस. तेवढ्यात राज्यपालांचे अधिकार, संघराज्याची चौकट, राष्ट्रपती राजवटीला मर्यादा घालणारा बोम्मई खटल्याचा निकाल या विषयांवर घराघरांत इतकी चर्चा झाली, की नागरिकशास्त्राला परीक्षेतल्या गुणांपलीकडचे महत्त्व त्या दोन आठवड्यांत पहिल्यांदाच आले असावे. दिल्लीने नेमलेल्या माणसाने आपला कारभार चालवावा हे मराठी माणसाला झोंबले. झोंबायलाच हवे होते.

७ मार्च २०२२ रोजी मुंबई महापालिकेची मुदत संपली, पुण्याची त्याच्या पुढच्याच आठवड्यात. पुढची निवडणूक झाली ती १५ जानेवारी २०२६ला. मधली तीन वर्षे दहा महिने या शहरांचा कारभार राज्य सरकारने नेमलेल्या एकेका अधिकाऱ्याच्या हाती होता. मुंबई महापालिकेचा २०२५-२६चा अर्थसंकल्प ७४,४२७ कोटी रुपयांचा. देशातल्या कित्येक छोट्या राज्यांचा एवढा नसतो. तो मांडणारे अधिकारी, मंजूर करणारेही अधिकारीच. सभागृह नाही, स्थायी समिती नाही, हरकतीचे मुद्दे नाहीत, सभात्याग नाही. उपनगरच्या पालकमंत्र्यांनी २०२३ साली महापालिका मुख्यालयातच आपले कार्यालय थाटले, तेव्हा माजी नगरसेवकांनी थोडा आवाज केला. बाकी शहर लोकल पकडायला निघून गेले.

राष्ट्रपती राजवटीला दर सहा महिन्यांनी संसदेची मंजुरी लागते, आणि घटनादुरुस्ती केल्याशिवाय ती तीन वर्षांपलीकडे ताणता येत नाही. महापालिकांसाठीही घटनेत तरतूद आहे, आणि शब्दांपुरती ती अधिक कडक आहे: अनुच्छेद २४३-यू म्हणतो की पालिकेची मुदत पाच वर्षे, त्यापुढे एक दिवसही नाही, आणि ती संपण्याआधी पुढची निवडणूक पार पडलीच पाहिजे. अहमदाबाद महापालिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली हेच बजावले होते. तरीही राज्यावर अकरा दिवस आलेली राजवट घटनात्मक पेच ठरते आणि सव्वा कोटीच्या घरातल्या शहरावर चार वर्षांला टेकलेली राजवट ही प्रशासकीय सोय ठरते.

याचे कारण न्यायालयीन तारखांत शोधायची आपल्याला सवय आहे. इतर मागासवर्गीयांच्या आरक्षणाचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात होता, हे खरे. त्यासाठी नेमलेल्या बांठिया आयोगाचा अहवाल यायला २०२२चा जुलै उजाडला, हेही खरे. पण त्या प्रश्नाला चिकटून आणखी एक खेळ चालू होता, आणि त्याचा आरक्षणाशी संबंध कमी, हिशेबाशी जास्त होता. प्रभाग किती, त्यांची हद्द कुठून कुठे, एका प्रभागात नगरसेवक किती, हे सगळे दर सरकारने आपल्या सोयीने बदलायचे. माझे म्हणणे या एका गोष्टीपुरते आहे. वस्तीची हद्द आखण्याचा अधिकार मुंबईत बसलेल्या राज्य सरकारकडे आहे तोवर शहरांतली स्वायत्तता, प्रभाग समित्या, लोकसहभाग हे सगळे बोलायचे शब्द आहेत.

मुळात आपले संघराज्य राज्यापाशी येऊन थांबते. घटनेच्या पहिल्याच अनुच्छेदात भारत हा राज्यांचा संघ आहे. तिसऱ्या अनुच्छेदाने संसदेला राज्ये घडवण्याचा, मोडण्याचा, त्यांच्या सीमा बदलण्याचा अधिकार दिला. १९५६ची राज्य पुनर्रचना आणि १९६०चा महाराष्ट्र त्यातूनच आले. राज्याच्या सीमेसाठी माणसे रस्त्यावर उतरली, गोळ्या खाल्ल्या. हुतात्मा चौक त्याची साक्ष आहे. पण राज्याच्या आत काय असावे, हा विषय घटनेने राज्यसूचीत टाकला. सातव्या अनुसूचीत राज्यसूचीचा पाचवा विषय म्हणजे स्थानिक स्वराज्य संस्था. जिल्हा कसा पाडायचा, महापालिका कुठे करायची, गाव कोणत्या शहरात घालायचे, हे सगळे राज्याच्या मर्जीवर. १९९२ची ७४वी घटनादुरुस्ती आली, १ जून १९९३पासून लागू झाली, बारावी अनुसूची आली, त्यात १८ विषय आले. पण त्यातले किती विषय पालिकांकडे द्यायचे हे ठरवणे विधिमंडळांवरच सोडले. शहराला मत मिळाले आणि अधिकार मंत्रालयातच राहिले.

राज्य शहराचे काय करू शकते ते पाहायला फार लांब जायला नको. बेळगाव महापालिकेने २००५ साली महाराष्ट्रात सामील होण्याचा ठराव केला, तेव्हा कर्नाटक सरकारने ती महापालिकाच बरखास्त केली. २०११ साली ती पुन्हा बरखास्त झाली. आपल्याकडे त्यावर संतापाचे अग्रलेख आले, मोर्चे निघाले. बरोबरच होते. मात्र कर्नाटकाने जी काठी उगारली तशीच महाराष्ट्र सरकारच्या हातातही आहे, फक्त ती मराठी शहरांवर उगारली जाते म्हणून दिसत नाही. दिल्लीची महापालिका २०१२ साली तीन तुकड्यांत वाटली गेली आणि २०२२ साली संसदेने पुन्हा एक केली. जाता जाता वॉर्ड २७२चे २५० झाले. बेंगळुरूच्या निवडून आलेल्या महापालिकेची मुदत २०२०च्या सप्टेंबरात संपली, निवडणूक झालीच नाही, आणि २०२५मध्ये तिच्या जागी पाच महापालिका आल्या. त्यांच्या डोक्यावर जे प्राधिकरण बसवले त्याचे अध्यक्ष मुख्यमंत्री. पक्ष वेगळे, राज्ये वेगळी, सवय एकच.

पैशाचेही तसेच. जकात ही मुंबई महापालिकेच्या उत्पन्नाचा मोठा आधार होती. २०१७च्या जुलैत वस्तू आणि सेवा कर आला, जकात गेली, आणि भरपाईसाठी महापालिकेला राज्याकडे हात पसरावा लागला. आपल्याला दिल्लीकडून भरपाई वेळेवर मिळत नाही म्हणून प्रत्येक राज्य तक्रार करते, पण शहराने तशीच तक्रार केली तर ती आगळीक ठरते. २०२२च्या जानेवारीत मुंबईतल्या ५०० चौरस फुटांपर्यंतच्या घरांचा मालमत्ता कर माफ झाला. निर्णय मंत्रिमंडळाचा, घोषणा मुख्यमंत्र्यांची, तिजोरी महापालिकेची. सूट योग्य की अयोग्य हा प्रश्न बाजूला ठेवू. दुसऱ्याच्या खिशातून दानधर्म करण्याची सोय राज्याला आहे, एवढे त्यातून कळते.

आता वॉर्डाकडे येतो, कारण खरी गोम तिथे आहे.

मुंबई सोडून बाकीच्या महापालिकांत २००२ साली तीन सदस्यांचे प्रभाग होते. २००७ला एका वॉर्डात एक नगरसेवक झाला. २०१२ला दोन. २०१७ला चार. त्यानंतर आलेल्या सरकारने आधी एकसदस्यीय पद्धत आणली, मग २०२१मध्ये तीन सदस्य ठरवले. पुण्यात त्याप्रमाणे ५८ प्रभाग आणि १७३ नगरसेवकांची रचना होऊन अंतिमही झाली. हरकती मागवल्या, सुनावण्या झाल्या, नकाशे टांगले गेले. तेवढ्यात सरकार बदलले आणि २०२२च्या ऑगस्टमध्ये पुन्हा चार. मुंबईतही आधी २२७चे २३६ वॉर्ड केले, मग परत २२७. एकाच माणसाने घर न बदलता पंचवीस वर्षांत चार-पाच वेगवेगळ्या प्रभागांत मतदान केले असेल. आपला प्रभाग कोणता हे निवडणुकीच्या तोंडावर मतदार यादीत शोधावे लागते, आणि आपण कोणत्या हद्दीत राहतो हे ज्याला शोधावे लागते तो तिथला कारभार विचारायला कसा उभा राहणार?

या सगळ्यात सर्वांत बोलका प्रसंग २०२२च्या मार्चमधला. तोवर प्रभागरचना राज्य निवडणूक आयोग करत होता. विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी कायदा करून ते काम राज्य सरकारकडे घेतले. आणि हा कायदा एकमताने झाला. सत्ताधारी आणि विरोधक एकमेकांचे तोंड बघायला तयार नव्हते असा तो काळ. पण शहराच्या नकाशावरची पेन्सिल आपल्याकडे असावी यावर सगळ्यांचे जमले. मुंबईच्या महापालिकेची मुदत संपत होती तोच हा आठवडा.

चार सदस्यांच्या प्रभागाचे समर्थन करणारे एक मुद्दा मांडतात आणि तो टाकाऊ नाही. महाराष्ट्रात पालिकांमध्ये निम्म्या जागा महिलांसाठी राखीव आहेत, शिवाय अनुसूचित जाती, जमाती आणि इतर मागासवर्गीयांचे आरक्षण आहे. वॉर्ड एकसदस्यीय असेल तर दर निवडणुकीला आरक्षणाची सोडत निघते आणि पाच वर्षे काम केलेल्या नगरसेवकाच्या पायाखालची जमीन सरकते. प्रभाग मोठा केला की त्यातच महिला, राखीव, खुला अशा सगळ्या जागा बसतात, आणि कोणत्याच वस्तीला आपल्याला प्रतिनिधित्व नाही असे वाटत नाही. ऐकायला ठीक आहे. पण मुंबईने एकसदस्यीय वॉर्डात हीच आरक्षणे इतकी वर्षे पाळली आहेत. आणि सोडतीचा त्रास कमी करायचा तर एकच आरक्षण सलग दोन मुदतींसाठी ठेवण्याची वाट मोकळी आहे. त्यासाठी वस्तीचे अस्तित्व पुसायची गरज नाही.

पुण्याचेच पाहा. २०२६च्या निवडणुकीत ४१ प्रभाग, १६५ नगरसेवक. चाळीस प्रभागांत चार-चार आणि एकात पाच. २०११च्या जनगणनेचे आकडे धरले तरी एका प्रभागात सरासरी ऐंशी हजारांहून जास्त माणसे येतात, आणि २०११नंतर पुणे किती फुगले ते कात्रजला किंवा खराडीला जाऊन कोणीही पाहावे. ऐंशी हजार म्हणजे तालुक्याचे गाव झाले. प्रभागांची नावेसुद्धा दोन-तीन वस्त्या आडव्या रेघेने जोडून तयार केलेली. त्या वस्त्यांचा एकमेकींशी संबंध एवढाच की नकाशावर त्या शेजारी आहेत. मतदान यंत्रासमोर उभे राहिले की अ, ब, क, ड असे चार गट, चार रंगांच्या मतपत्रिका: पांढरी, गुलाबी, पिवळी, निळी. चारही मते दिल्याशिवाय यंत्र शेवटची शिट्टी देत नाही. म्हातारी माणसे एक बटण दाबून वळतात आणि केंद्रावरचे कर्मचारी त्यांना परत बोलावतात. चार अनोळखी माणसांना ऐंशी हजारांतल्या एकाने पारखून मत द्यायचे हे शक्यच नसते, म्हणून लोक चिन्ह बघतात आणि चार वेळा तेच दाबतात. बहुसदस्यीय प्रभागाचा खरा उपयोग हाच आहे. गल्लीतला माणूस अपक्ष उभा राहून निवडून येण्याची शक्यता त्यात जवळजवळ संपते. मुंबईत वॉर्ड लहान म्हणून २००७ साली जुहूच्या रहिवाशांनी आपल्यातूनच अॅडॉल्फ डिसोझा यांना उभे केले आणि निवडूनही आणले. चार सदस्यांच्या प्रभागात हेच करायला पैसा, पॅनल आणि पक्ष लागतो.

निवडून आल्यावर काय होते ते रस्त्यावर वाचायला मिळते. पुण्याच्या कुठल्याही पदपथावरची बाकडी पाहा. एकावर एका नगरसेवकाचे नाव, ‘यांच्या विशेष प्रयत्नातून’; चार पावलांवर दुसरे बाकडे, दुसरे नाव, त्याच वर्षाचे. समोर स्वागतकमान, तिच्यावर तिसऱ्याचे नाव. वाचनालयाची पाटी, विरंगुळा केंद्राची पाटी, बसथांब्यामागची पाटी. चौघांचा निधी वेगळा, चौघांना आपापले नाव दिसेल असे काम हवे, आणि जमिनीखालची सांडपाण्याची नळी बदलली तर तिच्यावर नाव टाकायला जागा नसते. मग बाकडी वाढतात आणि नळी तुंबते. तुंबलेल्या नळीची तक्रार घेऊन गेलेला माणूस अ कडून क कडे आणि क कडून ड कडे फिरतो. श्रेयाला चौघे आणि जबाबदारीला कोणीच नाही, ही या रचनेची चूक म्हणता येणार नाही. तिचा तो स्वभाव आहे.

नगरसेवकांना नावे ठेवणे सोपे आहे आणि आपण मध्यमवर्गीय ते आवडीने करतो. ते टक्केवारी खातात, पदपथ दर वर्षी उखडतात, वाढदिवसाचे फलक लावतात. खातातही. पण प्रशासकाच्या काळात पदपथ उखडायचे थांबले असे काही आपण पाहिले नाही. फरक एवढा झाला की उखडलेल्या पदपथाबद्दल कोणाच्या घरी जाऊन भांडावे ते कळेनासे झाले. नगरसेवकाचे घर ठाऊक असते, त्याची आई मंदिरात भेटते, त्याचा पुतण्या आपल्या मुलाच्या वर्गात असतो. आयुक्तांची बदली होते.

वाघोलीचे उदाहरण मला या सगळ्यात सर्वांत टोचते. २०२१च्या जूनअखेर पुणे महापालिकेत २३ गावे घातली, त्यात वाघोली, मांजरी, नऱ्हे अशी मोठी गावे होती. ग्रामपंचायत त्या दिवसापासून संपली. सरपंच गेला, सदस्य गेले, आणि ग्रामसभा गेली. महापालिकेची मुदत पुढच्या मार्चमध्ये संपली. म्हणजे २०२६च्या जानेवारीपर्यंत, साडेचार वर्षे, उंच इमारतींनी भरलेल्या या गावाला स्थानिक पातळीवर स्वतः निवडून दिलेला एकही प्रतिनिधी नव्हता. कर मात्र महापालिकेचा लागू झाला. पाणी टँकरने येत राहिले.

ग्रामसभा गेली हे वाक्य शहरात वाढलेल्या वाचकाच्या लक्षात येणार नाही, म्हणून थोडे थांबून सांगतो. ७३व्या घटनादुरुस्तीने ग्रामसभेला घटनेत जागा दिली. गावातला प्रत्येक मतदार तिचा सदस्य. २६ जानेवारी, १ मे, १५ ऑगस्ट, २ ऑक्टोबर या तारखांना ती भरते, किंवा निदान भरल्याचे लिहावे लागते. लाभार्थ्यांची यादी, गावाचा विकास आराखडा, दारूबंदीचा ठराव तिच्यासमोर येतो. पुष्कळ गावांत ती कागदावरच असते हे मान्य. पण गडचिरोलीतल्या मेंढा-लेखासारखे गावही याच कायद्यांच्या आधाराने उभे राहिले. ‘दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ ही त्यांची घोषणा, आणि २००९ साली वनहक्क कायद्याखाली सुमारे १८०० हेक्टर जंगलावर त्यांना सामूहिक हक्क मिळाला. काही शे माणसांच्या त्या गावाला आपल्या बांबूचे काय करायचे ते ठरवता येते. लाखाच्या घरातल्या वाघोलीला आपल्या नाल्याचे काय करायचे ते ठरवता येत नाही. गाव शहर झाले की त्याची लोकशाही एक पायरी खाली उतरते, हे उलटे गणित आपण इतके गृहीत धरले आहे की ते कोणाला विचित्रही वाटत नाही.

शहरांसाठी ग्रामसभेसारखे काही नाही असे मात्र म्हणता येत नाही. २००५ साली केंद्राने शहरांसाठी मोठी नूतनीकरण योजना आणली आणि पैसे देताना अट घातली की लोकसहभागाचा कायदा करा. महाराष्ट्राने २००९ साली तो केला. त्यात क्षेत्रसभा आहे: काही मतदान केंद्रे मिळून एक क्षेत्र, तिथले सगळे मतदार तिचे सदस्य, नगरसेवक अध्यक्ष. कायदा झाला, अनुदान आले, आणि क्षेत्रसभा फाइलीत राहिली. ती घ्या म्हणून पुण्यामुंबईतले कार्यकर्ते वर्षानुवर्षे अर्ज करत आहेत. प्रभाग चार सदस्यांचा झाल्यावर तर नवाच प्रश्न आला, की सभेचा अध्यक्ष कोणता नगरसेवक? ७४व्या दुरुस्तीतली दुसरी पायरी, म्हणजे तीन लाखांवरच्या शहरांतली प्रभाग समिती, ती आहे. मुंबईत अशा १७ समित्या. एकेकीत सरासरी सात लाखांहून अधिक लोक. सात लाख लोकांची समिती वस्तीजवळची म्हणायची असेल तर शब्दांना काही अर्थ उरत नाही. कोलकात्यात १६ बरो (वॉर्डांचे गट) आहेत, १४४ वॉर्ड आहेत, आणि वॉर्डनिहाय समितीची तरतूद आहे. केरळमध्ये १९९६च्या लोकयोजना मोहिमेपासून नियोजनाच्या पैशाचा मोठा वाटा थेट स्थानिक संस्थांकडे जातो. करता येते, एवढे त्यावरून समजावे.

संघराज्यात वस्तीला घटनेतच जागा देता येते का, याचे एक उदाहरण अर्जेंटिनाचे आहे. तिथे २३ प्रांत आहेत आणि राजधानी ब्युनोस आयर्स वेगळी. १९९६पर्यंत या शहराचा प्रमुख देशाचा राष्ट्राध्यक्ष नेमत असे. आपल्या आयुक्ताचीच थोडी थोरली आवृत्ती. १९९४च्या घटनादुरुस्तीने शहराला स्वायत्तता दिली, १९९६ साली शहराने स्वतःची घटना लिहिली, आणि तिच्यात वस्त्यांच्या कारभाराची तरतूद घातली. शहरात ४८ ‘बार्रियो’ आहेत, म्हणजे आपल्या पेठा किंवा वाड्याच. ते जोडून १५ ‘कोमुना’ केल्या आणि प्रत्येकीला सात जणांचे निवडून दिलेले मंडळ दिले. घटनेत १९९६ला लिहिलेले कायद्यात यायला २००५ उजाडले, आणि पहिली निवडणूक व्हायला २०११. तिथल्या राज्यकर्त्यांनाही अधिकार सोडताना हात आखडतो हे उघड आहे. आजही कोमुनांकडे पैसा थोडा आणि कामे किरकोळ: झाडे, छोटे रस्ते, बागा. तेव्हा ते स्वर्ग आहे असे मी म्हणत नाही. पण तिथे कोमुनेची हद्द कायद्यात लिहिलेली आहे. पुढच्या निवडणुकीत आपल्याला जड जाईल म्हणून एखाद्या सरकारला ती गुपचूप हलवता येत नाही. आणि शहराची लोकसंख्या एकतीस लाखांच्या आसपास, म्हणजे पुण्याहून कमीच.

यावर एक गंभीर आक्षेप आहे, आणि तो राजकारण्यांकडून येत नाही. वस्तीच्या हाती अधिकार दिले की श्रीमंत वस्ती सर्वांत आधी काय करेल? फेरीवाले हटवेल, रिक्षाथांबा हलवेल, झोपडपट्टीकडची वाट बंद करून फाटक बसवेल. मुंबईत १९९०च्या दशकाअखेर स्थानिक व्यवस्थापनाच्या नागरी समित्या निघाल्या. वांद्रे, जुहूसारख्या भागांत त्या जोमात चालल्या. गोवंडी-मानखुर्दच्या एम पूर्व विभागात, जिथे देवनारचे कचऱ्याचे डोंगर आहेत, त्यांचा आवाज कोणी ऐकला? या समित्यांत सोसायटीचा सचिव असतो, त्याच्या घरी कामाला येणारी बाई नसते. आक्षेप खरा आहे, आणि म्हणूनच क्षेत्रसभा हवी, रहिवासी संघ नको. क्षेत्रसभेची यादी मतदारांची असते. तिच्यात इमारत आणि तिच्या भिंतीला लागलेली वस्ती दोन्ही येतात, फक्त हद्द आखणाऱ्याने त्या मुद्दाम वेगळ्या केल्या नाहीत तर. हद्दीचा प्रश्न इथेही पाठ सोडत नाही.

दुसरा आक्षेप असा, की मेट्रो, धरण, कचराभूमी, पूर या गोष्टी गल्लीत ठरत नाहीत. नाहीच ठरत. पण आज त्या शहरातही ठरत नाहीत. मुंबईत एमएमआरडीए (महानगर प्रदेश विकास प्राधिकरण), म्हाडा, झोपडपट्टी पुनर्वसन प्राधिकरण, धारावीसाठी वेगळे प्राधिकरण; सगळी राज्याची. पश्चिम आणि पूर्व द्रुतगती मार्ग २०२२ साली महापालिकेकडे आले, तोवर त्यावरच्या खड्ड्यांच्या शिव्या महापालिका खात होती आणि रस्ता एमएमआरडीएचा होता. मोठ्या कामांना मोठी संस्था हवी, तिला उत्तरदायी माणूस निवडून दिलेला हवा, आणि लहान कामे लहान हद्दीत राहावीत. यात क्रांतिकारक काही नाही.

पुण्याने २००६पासून नागरिकांकडून अंदाजपत्रकासाठी कामे मागवायला सुरुवात केली. कल्पना फार चांगली. क्षेत्रीय कार्यालयात अर्ज भरायचा, आपल्या भागातले छोटे काम सुचवायचे. व्यवहारात अर्ज तोच तो नगरसेवकाचा गट भरतो किंवा काही जागरूक ज्येष्ठ नागरिक भरतात, आणि सुचवल्या जातात बाकडी. लोकांना अक्कल नाही असा याचा अर्थ काढणारे आहेत. मला वाटते, एकट्याने अर्ज भरणाऱ्या माणसाला बाकडेच सुचते. नळी सुचायला चार शेजाऱ्यांची सभा लागते आणि तिला उत्तर देणारा एक माणूस लागतो.

म्हणून मागणी मर्यादित ठेवावी असे मला वाटते. महापौर थेट निवडावा की नाही यावर तासन् तास वाद घालता येईल. नगराध्यक्षांच्या बाबतीत ती पद्धत किती वेळा फिरली ते आपण पाहिलेच आहे. त्याआधी तीन गोष्टी व्हाव्यात. सर्व महापालिकांत एका वॉर्डाला एक नगरसेवक. वॉर्डाची हद्द राज्य निवडणूक आयोगाने आखायची, जनगणनेनंतर एकदा, आणि पुढच्या जनगणनेपर्यंत ती कोणी हलवायची नाही. आखताना गावठाण, कोळीवाडा, पेठ, चाळींचा पट्टा मध्येच कापायचा नाही. आणि प्रत्येक वॉर्डातल्या क्षेत्रसभेच्या ठरावाशिवाय वॉर्डाच्या निधीतले एकही काम निघायचे नाही. यातल्या तिसऱ्या गोष्टीचा पाया २००९च्या कायद्यात आहेच. पहिली मुंबईत चालू आहे. दुसरीतले हद्द आखण्याचे काम २०२२च्या मार्चपर्यंत आयोगाकडेच होते.

पुढच्या जनगणनेची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ आहे. तिचे आकडे आले की राज्यातल्या २९ महापालिकांचे वॉर्ड नव्याने आखावे लागतील, वाढलेल्या लोकसंख्येने नगरसेवकांची संख्याही वाढेल, आणि २०३१च्या निवडणुकांचे हिशेब त्याच वेळी सुरू होतील. इचलकरंजी आणि जालना तर या वेळी पहिल्यांदाच महापालिका म्हणून मतदानाला सामोरे गेले. तिथल्या पक्षांना अजून जुन्या हद्दींची चटक लागलेली नाही. आकडे हातात येण्याआधीच्या एखाद्या अधिवेशनात २०२२चा कायदा मागे घेता येईल. करायला एक दिवस पुरला होता.